आईच्या नावाचा रकाना

"ताई, तुमच्या आईचं नाव गयाबाई आहे का हो?" प्रल्हादनं विचारलं.

"कुणाच्या आईचं?"

"तुमच्या. इथं तसंच दिसायलंय."

मी खुर्ची मागं सारून त्याच्या कॉम्प्युटरपाशी गेले. आमच्या मोहरदरीच्या ग्रामपंचायतीत तेव्हा नुकतंच ते यंत्र आलं होतं. जन्ममृत्यूच्या सगळ्या जुन्या वह्या त्यात भरून झाल्या होत्या आणि त्याचं भाऊसाहेबांना, म्हणजे आमच्या ग्रामसेवकांना, भारी कौतुक होतं. पडद्यावर माझं नाव होतं, रत्नमाला. वडील गंगाधर कऱ्हाळे. आणि आईच्या रकान्यात चक्क गयाबाई वाबळे.

"अरे, ही समोरच्या गल्लीतली गयाबाई! माझी आई द्वारकाबाई. तू नाही का ओळखत तिला? तुझ्या मुंजीत पोळ्या लाटल्यात तिनं!"

"मी ओळखतो ताई. सिस्टीम ओळखत नाही."

"मग सांग की तिला!"

"तिला सांगता येत नाही. ती विचारते, आपण फक्त भरायचं."

माझं डोकं सणकलं. आई पंचायत समितीत परिचर होती. नोकरीत असतानाच गेली, आदल्या उन्हाळ्याच्या तोंडाला, चार दिवसांच्या तापानं. वडील मी दहावीत असतानाच गेले होते. तिच्या जागी अनुकंपावर मला घ्यायला साहेब तयार होते. माझ्या नवऱ्याला पाठीचं दुखणं लागल्यापासून त्याचा टेम्पो दारात उभा होता, पोरगी पाचवीत होती, आणि त्या नोकरीशिवाय आमच्यापुढं दुसरा रस्ता नव्हता. सगळे कागद झाले होते. एक राहिला होता, कॉम्प्युटरवरचा जन्मदाखला. हातानं लिहिलेला आता चालत नाही म्हणाले. पुढच्या सोमवारी यादी जिल्ह्याला जाणार होती.

आणि या दाखल्याप्रमाणे मी द्वारकाबाईची कुणीच नव्हते.

भाऊसाहेब आतून आले. टोंपे त्यांचं आडनाव. माणूस वाईट नव्हता, पण नियम सांगायला लागला की त्याच्या चेहऱ्यावर एक समाधान यायचं, त्याचा मला राग यायचा.

"काय आहे ताई, जुने ग्रामसेवक वही बघायचे आणि दाखल्यावर द्वारकाबाई लिहून मोकळे व्हायचे. गावाला माहीतच होतं ना सगळं. आता वहीत जे आहे तेच मशीन छापतं. वडील गंगाधर आणि आई गयाबाई. म्हणजे वरचा साहेब काय समजणार? दुसऱ्या बायकोची मुलगी."

"माझ्या बापाला एक बायको झेपत नव्हती, दुसरी कुठून करतो?"

प्रल्हाद हसला. मी त्याच्याकडं असं बघितलं की त्याचं हसू तिथंच विरलं.

"दुरुस्ती होते," भाऊसाहेब म्हणाले. "ज्या बाईचं नाव लागलंय ती हयात आहे. तिनं इथं येऊन जबाब द्यायचा की ही माझी मुलगी नाही. मशीनवर अंगठा, मोबाईलवर फोटो. मी वर पाठवतो, मंजूर होऊन येतं. सोपं आहे."

हा घोळ कसा झाला ते मला लहानपणापासून पाठ होतं. माझ्याआधी आईची तीन लेकरं गेली होती, एकानंही पाचवी पाहिली नव्हती. पाचवीच्या रात्री सटवाई येऊन कपाळावर लिहिते, आणि या घराचा पत्ता तिला चांगलाच पाठ झालाय, असं म्हाताऱ्या म्हणायच्या. म्हणून मी झाले तेव्हा मला विकायचं ठरलं. विकायचं कुणाला, तर जिचं एकही लेकरू मेलेलं नाही अशा बाईला. अख्ख्या गावात तशी एकच होती, गयाबाई. तिचं एकही मेलं नव्हतं, कारण तिला झालंच नव्हतं.

मला सुपात घालून मागच्या दारानं तिच्या हातात दिलं. तिनं आईच्या पदरात पसाभर ज्वारी टाकली. पण एवढ्यानं सौदा होत नाही. विकणारीनं ती ज्वारी दळून तिची भाकरी खायची, तेव्हा तो पुरा. खाल्ली नाही तर लेकरू जिचं होतं तिचंच राहतं. आईला बाळंतपणाचा ताप, तोंडात घास फिरेना. गयाबाई तिच्या उशाशी बसून राहिली. "खाय गं द्वारके, खाय. पाचवी उद्यावर आली. तू खाल्ल्याबिगर पोरगी माही होत न्हाई." आईनं रडत रडत ती भाकरी खाल्ली. मग गयाबाईनं मला परत तिच्याच मांडीवर ठेवलं आणि म्हणाली, "माही लेक हाय, सांभाळ."

तेवढ्यात नोंदी गोळा करत कोतवाल दारात आला. त्याला आईनं आतून सांगितलं, आईचं नाव गयाबाई लिहा. सटवाईनं सरकारच्या वहीत डोकावून बघितलं तर? आणि त्या शहाण्यालाही ते पटलं!

मी जगले. शाळेत पोरं मला पसाबाई म्हणून चिडवायची. गयाबाई पण तेच म्हणायची, फक्त तिनं म्हटलेलं गोड लागायचं. तिला मी गयामाय म्हणायचे. दर दिवाळीला तिच्याकडून मला बांगड्या यायच्या, ताप आला की आई औषधाआधी मला तिच्या उंबऱ्यावर नेऊन बसवायची.

म्हणून मला वाटलं, हे तर घरचंच काम. गयामाय आत्ता येईल, अंगठा देईल, संध्याकाळच्या गाडीनं मी तालुक्याला परत.

ती ओसरीवर चिंचा फोडत बसली होती. समोर चिंचोक्यांचा ढीग, बोटं काळी झालेली.

"आली का पसाबाई! बस. पानी पी आधी."

"पाणी नंतर. ऊठ, ग्रामपंचायतीत चल. एक जबाब द्यायचाय."

"कशाचा गं?"

"मी तुझी मुलगी नाही म्हणून."

तिचा हात थांबला. मग तिनं हातातली चिंच टोपल्यात टाकली, दुसरी उचलली आणि फोडायला लागली.

"मी न्हाई यायची."

"अगं, फक्त म्हणायचंय. दोन शब्द. आईची नोकरी मला मिळायचीय त्याच्यावर."

"नोकरी मिळू दे बापा. माहा इरोध हाय का? पण ते मी म्हनायची न्हाई."

"कामून?"

"न्हाई म्हंजे न्हाई. च्या टाकू का?"

मी समजावलं. हात जोडले. दारात उभा टेम्पो, पोरीची शाळा, सोमवारची यादी, सगळं सांगितलं. ती ऐकत होती, मधूनच "व्हय गं माय" म्हणत होती, आणि शेवटी पुन्हा "च्या टाकू का" वर येत होती. इतका संताप आला मला! परक्यानं नाडलं तर माणूस शिव्या देऊन मोकळं होतं. हिला काय देणार?

चहा न पिताच उठले आणि पुन्हा पंचायतीत गेले.

"भाऊसाहेब, ती नाही म्हणते. दुसरं काही करा. दोन साक्षीदार आणते, दहा आणते, सगळा गाव आणते. सुईण होती ती अजून आहे. पाहिजे तर कोर्टाचं प्रतिज्ञापत्र करते."

"ताई, सिस्टीममध्ये आईची संमती हा रकाना भरल्याशिवाय पुढचं पान उघडत नाही." त्यांनी प्रल्हादला दाखवायला सांगितलं. खरंच उघडत नव्हतं. प्रल्हादनं चारदा दाबलं, चारही वेळा लाल अक्षरं आली.

"यात दुसरा पर्यायच नाही?"

"एक आहे." प्रल्हाद खाली बघत म्हणाला. "आई मयत. तिथं टिक केली की संमती लागत नाही."

"पण माझी आई मयतच आहे की रे!"

"ती नाही ताई. ही."

मला हसावं की त्याचं यंत्र उचलून आपटावं ते कळेना. माझी खरी आई मेलेली, ती यंत्राला माझी आई नाही म्हणून तिच्या मरण्याचा उपयोग नाही. आणि ही खोटी आई ठणठणीत बसून चिंचा फोडतेय, म्हणून माझं काम अडलेलं!

"म्हातारी मेली असती तर बरं झालं असतं, असं म्हणतोस का तू?" मी ओरडले.

"मी नाही हो म्हणत. पर्याय आहे एवढंच सांगितलं."

त्या दिवशी सर्व्हरही बंद पडला. भाऊसाहेबांनी टोपी चढवली आणि शनिवारी या म्हणाले.

शनिवारी मी भांडायच्या तयारीनंच आले. नवऱ्याचा चौकडीचा रुमाल डोक्याला बांधलेला, ऊन तापलेलं. गयामायच्या ओसरीवर चढले आणि पायताण न काढताच सुरू झाले.

"तुला काय वाटतं, मी तुझ्या दावणीची शेरडी आहे? पसाभर ज्वारी दिलीस म्हणून जन्मभर बांधून ठेवशील? तुला लेकरू झालं नाही त्यात माझा काय दोष? माझ्या लेकराच्या तोंडचा घास काढायलीस तू!"

तिनं हातातली चिंच खाली ठेवली. मग हात पुसले, पदर सावरला आणि पहिल्यांदा तिचा आवाज चढला.

"झालं का बोलून? आता माहं ऐक. लेकरू इकत घेतलं की ते कधी सोडवायचं असतंय, हाय का ठाऊक? लग्नात. आई पसाभर जवारी घिऊन येती, मालकिनीला देती, मालकीन ती खाती, आन लेकरू आईचं आईला. तुह्या लग्नात मी वाट बघत बसले. द्वारका आली, म्हनली, गया, न्हाई सोडवत. पोरगी जितीय, चांगलं चाललंय, कशाला त्या सटवाईला जागं करायचं? ऱ्हाऊ दे तुहीच. म्हून ऱ्हायली."

"मग आता सोडव की!"

"कोन सोडवून घेनार गं? द्वारका कुठंय?"

मी पायताण काढून तिच्यापुढं बसले.

"मी म्हनले, ही माही न्हाई. बरं. मग कोनाची? द्वारकाची. ती तर तिकडं वर गेली. म्हंजे जितं लेकरू उचलून मेलेलीच्या वटीत घालू व्हय मी? या हातानं? मला तुही पोरगी नको, तुहा नवरा नको, तू पाह्यजेस! तुला काय झालं तर त्या नोकरीला काय चाटायचंय?"

बोलता बोलता ती रडायला लागली. काळ्या बोटांनी डोळे पुसले, चिंच डोळ्यात गेली आणि मग दुप्पट पाणी. मी पदरानं तिचं तोंड पुसलं. पण सोमवार काही टळणार नव्हता.

"गयामाय," मी म्हटलं, "आई नाही ना? मग मीच येते. मीच मला सोडवून घेते."

"असं असतंय का कुठं?"

"नसेल. पण मी जिती आहे. जितीच्या ओटीत टाकलंस मग तर काही नाही ना?"

ती विचारात पडली. मी वाट बघितली नाही. शेजारच्या खिल्लाऱ्यांच्या खळ्यावरून नवी ज्वारी आलेली होती, त्यांच्याकडं गेले, डोक्याचा रुमाल सोडला, त्यात पसाभर मागून घेतली आणि गाठ मारून आणली. तिच्यापुढं धरली.

गयामाय त्या गाठीकडं बराच वेळ बघत बसली. माझ्याकडं एकदा, गाठीकडं एकदा. मग अचानक म्हणाली, "दे." घेतली, आत गेली, हात धुऊन आली आणि चपला शोधायला लागली.

"चल. कुठं म्हनायचंय ते?"

ग्रामपंचायतीत तिला खुर्ची दिली, ती खालीच बसली. अंगठा काही लागेना. चिंचेनं रेघाच उरल्या नव्हत्या. प्रल्हादनं ओल्या फडक्यानं पुसलं, तरी नाही.

"आजी, कपाळाला घासा जरा. तेल लागू द्या."

"रेशनवाला पन हेच म्हनतो. मेल्यायनो, अंगठा म्हातारीचा हाय, मशीन बी म्हातारं आना."

शेवटी करंगळीशेजारच्या बोटाला यंत्र पावलं. भाऊसाहेबांनी मोबाईल समोर धरला.

"आजी, ही रत्नमाला तुमची कोण?"

मी मान फिरवून घेतली.

"कोन न्हाई," गयामाय खणखणीत म्हणाली. "माही लेक न्हाई ही. द्वारकाबाई कऱ्हाळेची हाय. लिवा."

इतकं सहज, इतकं मोठ्यानं. ज्या शब्दांसाठी मी हातापाया पडत होते ते असे कानावर आले आणि मला ते लागलंच. काम झाल्याचा आनंद व्हायला पाहिजे होता. नाही झाला.

मी तिला घरी पोचवायला गेले. दारात आल्यावर मी विचारलं, "ज्वारी दळून खाशील ना? नाहीतर पुरं व्हायचं नाही."

"खाते की. तू जा, गाडी चुकंल."

सोमवारी दाखला निघाला. आई, द्वारकाबाई गंगाधर कऱ्हाळे. खाली तो चौकोनी ठिपक्यांचा शिक्का. पावसाळ्यात मी आईच्या जागेवर रुजू झाले. दिवाळीला गयामायकडं गेले तर बांगड्या तयार.

"आता कशाला गं? आता मी तुझी नाही ना. भाकरी खाल्लीस का नाही त्या ज्वारीची?"

"खाल्ली की. कवाच. गोड होती."

"आणि माझ्या नवऱ्याचा रुमाल?"

"धुऊन ठिवलाय. दिईन."

तो रुमाल तिनं कधीच दिला नाही. दर दिवाळीला मी मागायचे, दर दिवाळीला तो धुतलेला असायचा.

मागच्या माघात गयामाय गेली. पुतण्या आला, अग्नी दिला आणि तिसऱ्या दिवशी राख सावडून पुण्याला निघून गेला. नोंद कोण करणार? मीच. आधार कार्ड सापडेना म्हणून तिची पत्र्याची पेटी उघडली. कार्ड वरच होतं. त्याखाली दोन लुगडी, आणि लुगड्यांखाली चौकडीचा रुमाल.

धुतलेला नव्हता. मी मारलेली गाठ तशीच होती. सोडली तर आत ज्वारी. भुंगे लागून दाणे नुसते पोकळ झाले होते, हात लावला की पीठ उडत होतं. पण पसाभर होती. तिनं एक दाणाही दळला नव्हता.

"खोटारडे," मी म्हटलं. "सरकारला फसवलंस आणि मलाही." आणि तिथंच जमिनीवर बसून मी अशी रडले, की शेजारची खिल्लाऱ्यांची सून धावत आली.

दुसऱ्या दिवशी ग्रामपंचायतीत गेले. भाऊसाहेब बदलून गेलेत, प्रल्हाद तिथंच आहे. केस पांढरे झालेत, यंत्र नवं आहे.

"मयताचं नाव गयाबाई वाबळे," त्यानं भरलं. "माहिती देणार, तुम्ही. मयताशी नातं? इथं यादी येते ताई. शेजारी करू का इतर?"

"मुलगी."

त्यानं माझ्याकडं बघितलं. मग मुलगीवर दाबलं. लाल अक्षरं आली.

"घेत नाही ताई. आता सगळं जोडलंय एकमेकाला. तुमच्या जन्मनोंदीत आई द्वारकाबाई आहेत, ते लगेच उघडतं. जुळत नाही म्हणतंय."

"ती नोंद याच खोलीत बदलली होती ना रे आपण?"

"हो. मीच बदलली होती." तो ओशाळला. "आता मुलगी लावायचं तर म्हणतंय, पुरावा जोडा. स्कॅन करून."

मी पिशवीतून रुमाल काढला, त्याच्या स्कॅनरचं झाकण उघडलं आणि पुन्हा बांधलेली गाठ सोडून ज्वारी काचेवर ओतली.

"कर स्कॅन," मी म्हटलं.